जपानमधल्या कुमानो कोदो या जुन्या तीर्थवाटांवर पहिल्यांदा निघताय?

पहिल्या खेपेला नाकाहेची वाटच धरा. ताकिजिरी ते होंगू देवस्थान साधारण 38 किलोमीटर. दोन दिवसांत होतं, पण तुम्ही तीन द्या. ताकिजिरीहून निघाल्या निघाल्याच छातीवरचा चढ लागतो, आणि शेवाळलेले दगड पावसात साबणासारखे निसटतात. पावसात गड चढला असाल तर वेगळं सांगायला नको. बूट घरीच महिनाभर वापरून मऊ करून न्या, कोरे घालून अजिबात जाऊ नका.

शाकाहारी असाल तर मुक्काम बुक करतानाच कळवा. साध्या सूपातही माशाचं दाशी, म्हणजे उकळून काढलेला अर्क, असतो. रोख येन जवळ असू द्या.

होंगूजवळच्या युनोमिने या गरम झऱ्यांच्या गावी मात्र निवांत थांबा. ओढ्यातल्या लाकडी खोपटात त्सुबोयु आहे, जेमतेम दोघांपुरतं कुंड, जागतिक वारशात गणलेलं. नंबर लावायचा, मग अर्धा तास फक्त आपला. आधी अंग धुवायचं, मगच उतरायचं, तेही कपड्यांशिवाय. लाजू नका, तिथे कुणाला काही वाटत नाही. पाणी कढत असतं, हळूहळू बसा. बाहेर युझुत्सु या गरम झऱ्याच्या हौदातल्या सुमारे 90 अंशांच्या पाण्यात जाळीतली अंडी सोडा. दहा-बारा मिनिटांत उकडतात. मीठ बरोबर ठेवा.