सेलेस्ट या व्हिडिओ गेमच्या पहिल्या बर्फाळ लेव्हलमध्ये 20 पैकी 16 स्ट्रॉबेऱ्या मिळाल्या, उरलेल्या चार कुठे शोधू?

तुम्ही लिहिलंय की व्हिडिओ बघून गोळा करायच्या नाहीत, नुसतं कुठं बघायचं ते कुणीतरी सांगा. आणि त्या डिश अँटेनाच्या खोलीतलं निळं हृदय कसं मिळतं तेही. व्हिडिओ बघायचा नाही म्हणता हे मला आवडलं, म्हणून एवढं मोठं उत्तर लिहायला बसलोय. नाहीतर 'यूट्यूबवर बघा' म्हणून मोकळा झालो असतो.

मी कोल्हापूरचा. शिरोली एमआयडीसीत एका फौंड्रीत कास्टिंग, म्हणजे धातू ओतून केलेले तुकडे, तपासायचं काम करतो. आमच्याकडे बर्फ म्हणजे फ्रीजरमध्ये साचतो तो, नाहीतर रंकाळ्यावरच्या गाडीवरचा गोळा. त्यामुळे पडद्यावर सतत भुरभुरणारं ते बर्फ आणि त्यात आपण खेळवतो ती लाल केसांची मॅडलिन बघून पहिले दोन दिवस मी नुसताच हरखलो होतो, स्ट्रॉबेऱ्या कोण मोजतंय! मोजायला लागली माझी भाची. ती सातवीत आहे, सुट्टीला आली होती, आणि तिला अपुरं काही चालत नाही.

आधी तुमचं निम्मं काम कमी करतो. ही लेव्हल तुम्ही एकदा शेवटपर्यंत पूर्ण केली असेल, तर परत आत जाऊन खेळ थांबवा. पॉझ केल्यावर पडद्याच्या खालच्या बाजूला ठिपक्यांची एक रांग दिसते. एक ठिपका म्हणजे एक स्ट्रॉबेरी. मिळालेल्या भरलेल्या, राहिलेल्या रिकाम्या. मध्ये ज्या फटी आहेत त्या टप्प्यांच्या: सुरुवातीचा भाग, मग क्रॉसिंग, मग चॅझम. आणि मुख्य गोष्ट अशी की ठिपके वाटेच्या क्रमानं मांडलेले असतात. म्हणजे पाचवा भरलेला, सहावा रिकामा, सातवा भरलेला असेल, तर तुमची चुकलेली स्ट्रॉबेरी त्या दोघींच्या मधल्या पडद्यांतच आहे (एका वेळी समोर दिसते तेवढी जागा म्हणजे एक पडदा). अख्खा डोंगर पालथा घालायची गरज नाही. आम्हाला हे कळायच्या आधी आम्ही तीन संध्याकाळी पहिल्यापासून शेवटपर्यंत धावत होतो. हे आठवलं की आजही स्वतःवरच चिडायला होतं.

आता त्या मधल्या दोन-चार पडद्यांत बघायचं कसं. आमच्या कामात नवीन पोराला पहिल्या दिवशी सांगतात, की तुकडा हातात घेतला की डोळा भिरभिरू द्यायचा नाही. एका कडेपासून सुरू करायचं आणि दुसऱ्या कडेला थांबायचं. ब्लोहोल, म्हणजे धातूत हवा अडकून राहिलेलं भोक, कधीच मधोमध तुमची वाट बघत बसत नाही, ते कोपऱ्यात असतं, जिथं धातू वळतो तिथं. सेलेस्टचंही तसंच आहे. नव्या पडद्यात शिरलात की पळू नका. एका जागी उभं राहा आणि चारही कडा बघून घ्या. छतावर सगळीकडे काटे आणि एकाच ठिकाणी नाहीत? तिथून वर जाता येतं. खाली सगळा खड्डा आणि एका बाजूला छोटीशी फळी? ती उगाच ठेवलेली नाही. पुढं जायला अजिबात न लागणारी स्प्रिंग दिसली, तर ती दुसऱ्या कुठल्या तरी वाटेसाठी आहे.

हा खेळ बनवणारी माणसं फुकट काही ठेवत नाहीत. मॅडी थॉर्सन आणि नोएल बेरी या दोघांनी 2015 साली चार दिवसांत एक छोटासा खेळ केला होता, पिको-8 नावाच्या अगदी लहान, मुद्दाम मर्यादा घातलेल्या यंत्रणेवर. त्यातूनच पुढं हा मोठा खेळ आला, जानेवारी 2018 मध्ये. चार दिवसांत आणि तेवढ्याशा जागेत खेळ करायचा म्हणजे एकेक चौकोन हिशेबानं वापरावा लागतो. ती शिस्त मोठ्या खेळातही जाणवते. (तो जुना छोटा खेळही यातच पुढं एका लेव्हलमध्ये लपवून ठेवलाय. कुठं ते नाही सांगत.)

पन्हाळ्यावरची अंधारबाव पाहिली असेल तर कळेल मी काय म्हणतोय. बाहेरून साधी दगडी इमारत वाटते. आत जिना उतरत गेलात की तीन मजले, खाली पाणी, आणि मधल्या बाजूला बाहेर पडायची वाट. बांधणाऱ्यानं लपवलंय खरं, पण ज्याला माहीत आहे त्याला सापडेल असंच लपवलंय.

सगळ्यात जास्त स्ट्रॉबेऱ्या मात्र आपल्या एका सवयीमुळं सुटतात. असल्या खेळात आपण जन्मापासून उजवीकडं पळत आलोय. पडदा उघडला की अंगठा उजव्या बाणावर. म्हणून पडद्याच्या डाव्या अंगाला, आपण आलो त्याच दाराच्या वर किंवा मागं काही असेल तर ते दिसतच नाही. प्रत्येक पडद्यात आधी डावीकडं तोंड करा, एवढं एकच केलंत तरी एखादी मिळेल. त्याच्या जोडीला भिंती बघा. तडे गेलेली भिंत डॅशनं, म्हणजे बटण दाबून मारलेल्या झटक्याच्या झेपेनं, फुटते. काही भिंती तर भिंतीच नाहीत, नुसतं चित्र आहे, आत शिरलं की विरतं. संशय आला की अंगानं ढकलून बघायचं, फुकट आहे. मॅडलिन मेली तरी त्याच पडद्यापासून परत सुरू होतं, त्यामुळं भीती कसली.

ते ट्रॅफिक सिग्नलसारखे दिवे असलेले ठोकळे आहेत ना, पाय ठेवला की झपकन पळणारे, त्यांच्यावर जरा वेळ घालवा. ठोकळा पळून जिथं थांबतो, त्या थांबण्याच्या क्षणी उडी मारली की त्याचा सगळा जोर तुम्हाला मिळतो आणि नेहमीच्या दुप्पट लांब जाता येतं. उशीर झाला की नेहमीचीच उडी पडते. 'ही स्ट्रॉबेरी दिसते पण हात पोचत नाही' अशी तक्रार असेल, आणि जवळपास असा ठोकळा असेल, तर उत्तर हेच आहे. आमची एक अशीच होती. भाचीनं चाळीसेक वेळा जीव दिला असेल. मी स्वयंपाकघरातून नुसता तिचा 'मामाऽऽ' ऐकत होतो.

पंखवाल्या स्ट्रॉबेऱ्यांचं वेगळंच. त्या पडद्यात असताना तुम्ही डॅश मारला, कुठल्याही दिशेला, की ती उडून जाते. म्हणजे तिच्यापर्यंत नुसत्या उड्या मारत आणि भिंतीला धरून जायचं. उडाली तर खेळ थांबवून रीट्राय करा, परत जागेवर येते. आणि बऱ्याच जणांची फसगत होते ती पुढच्या बाबतीत. स्ट्रॉबेरीला हात लागला म्हणजे ती मिळाली असं नाही. ती तुमच्या मागंमागं येत राहते, आणि तुम्ही पक्क्या जमिनीवर पाय टेकून क्षणभर थांबलात की मगच मोजली जाते. त्या पळत्या ठोकळ्यावर टेकलेलं धरत नाहीत. मध्येच मेलात तर ती मुकाट्यानं परत आपल्या जागी. 'मी तर ही घेतली होती!' असं वाटणारी एखादी तुमच्या चारांत नक्की असणार.

लेव्हलमध्ये लपवलेल्या कॅसेटचं तुम्ही विचारलं नाही, पण क्रॉसिंगच्या भागात शोधत फिरताना निळे आणि गुलाबी ठोकळे दिसले की समजा ती खोली आली. गाण्याच्या ठेक्यावर एक रंग घट्ट होतो आणि दुसरा पोकळ. डोळ्यापेक्षा कानानं खेळा. लेझीम खेळलेल्या माणसाला अवघड जाऊ नये. कॅसेट मिळाली की याच लेव्हलची अवघड आवृत्ती उघडते.

आता हृदय. त्या खोलीत डिशजवळ एक मॉनिटर आहे, त्यावर रंग एकामागून एक चमकतात. आणि आजूबाजूला रंगीत पक्षी आहेत. प्रत्येक पक्षी अधूनमधून एकाच ठरलेल्या दिशेला झेप घेतो. दोन्ही गोष्टी एकमेकींना जोडायच्या, बस. भाचीनं वहीच्या मागच्या पानावर रंग लिहिले आणि त्यापुढं बाण काढले, मला काही करूच दिलं नाही.

स्वतः सोडवायचं असेल तर पुढचा परिच्छेद सोडून द्या, खरंच.

पांढरा म्हणजे वर, जांभळा म्हणजे डावीकडं, निळा म्हणजे खाली-उजवीकडं, लाल म्हणजे वर-उजवीकडं, पिवळा म्हणजे वर-डावीकडं. मॉनिटरवरचा क्रम: पांढरा, जांभळा, निळा, लाल, परत जांभळा, पिवळा. म्हणजे पक्षी पाच रंगांचे, पण डॅश सहा. प्रत्येक वेळी उडी मारून हवेतून डॅश मारा, खाली उतरा, मॅडलिनचे केस परत लाल झाले (म्हणजे डॅश परत तयार झाला) की पुढचा.

आणि एवढं सगळं बरोबर करूनही हृदय आलं नाही, तर स्वतःला दोष द्यायच्या आधी कीबोर्ड तपासा. आमचं हेच झालं. शेवटचा पिवळा काही केल्या लागेना. वर, डावा आणि एक्स अशी तीन बटणं एकदम दाबली की आमचा स्वस्तातला कीबोर्ड एक बटण गिळून टाकायचा. मॅडलिन नुसती वर जायची, तिरकी नाही. भाचीला वाटलं तिचे बाण चुकले, तिनं पान फाडून परत लिहून काढलं. शेवटी सेटिंगमध्ये जाऊन डॅशचं बटण बदललं आणि पहिल्याच फेरीत लागलं. कंट्रोलर असेल तर हा त्रास नाही.

एक गोष्ट सांगायला हवी. या स्ट्रॉबेऱ्यांचा तसा काहीच उपयोग नाही, आणि हे खेळ स्वतःच तुम्हाला सुरुवातीला सांगतो: दोस्तांसमोर मिरवता येईल, बाकी काही नाही. पुढच्या लेव्हली उघडायला त्या लागत नाहीत. अख्ख्या खेळात मिळून 175 आहेत, त्यांतल्या 47 एकट्या शिखराच्या लेव्हलमध्ये, आणि जितक्या जास्त आणाल तितका शेवटी होणारा स्ट्रॉबेरी पाय चांगला दिसतो. पाय म्हणजे भाजलेला गोड पदार्थ. माझ्या आईला वाटलं होतं पोरीचा पाय मोडलाय. तेवढ्यासाठी महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीचा डबा आणलेला परवडला, असं ती अजून म्हणते.

आणि वीस पूर्ण झाल्यावर थांबायचं नसेल तर अजून एक आहे, सोनेरी, पंखवाली, या विसांत न मोजली जाणारी. ती मिळवायला लेव्हल पहिल्यापासून सुरू करून एकही डॅश न मारता जायचं. एकही म्हणजे एकही नाही. भाची सध्या त्याच्या मागं आहे. काल बघितलं तर तिनं डॅशच्या बटणावर चिकटपट्टी लावून ठेवलीय, आणि मला त्या कीबोर्डवर ऑफिसचा मेलसुद्धा लिहू देत नाही.