जलतरंगाला तार कुठली?

गोव्यातल्या शिवोलीच्या एका वाचकाने विचारलंय : पावसाळी मैफिलीच्या बातमीत 'जलतरंगाच्या तारा छेडल्या' असं छापून आलं, ते बरोबर का? आणि जलतरंग तो की ते?

चूक, साफ चूक. जलतरंगात चिनी मातीच्या वाट्या असतात, थोरलीपासून धाकटीपर्यंत अर्धवर्तुळात मांडलेल्या, आणि वाजवायला दोन बारीक काड्या. स्वर चढा लागला तर वादक चमचाभर पाणी वाढवतो, उतरला तर काढतो. यात छेडणार काय, कपाळ? वाद्य दिसलं की 'छेडणे' लिहून मोकळं व्हायचं, ही खोडच झालीय. उद्या चवथीच्या आरतीत घुमट, म्हणजे हाताने बडवायचं मातीचं वाद्य, तेही छेडतील.

पण चुकून का होईना, त्या वार्ताहराच्या हाती भलतंच घबाड लागलंय. प्रश्नकर्त्याच्याच गावात 'तारची भाट' आहे. तिथली तार वाद्याची नव्हे, नदी ओलांडायची जागा. चोपड्याचा पूल व्हायच्या आधी लोक तिथून होडीने, मग फेरीबोटीने पलीकडे जात. होडी पलीकडे नेणारा तो तारी. मूळ संस्कृत धातू 'तॄ', तरून जाणे, पार करणे. आपलं तारू त्यातलंच, तीरही त्यातलंच. आणि तरंगसुद्धा! शब्दांची व्युत्पत्ती सांगणाऱ्या संस्कृत उणादिसूत्रांत पत् धातूला 'अङ्ग' लागून पतंग होतो, तसाच तॄ पासून तरंग. म्हणजे तारी आणि तरंग सख्खे भाऊ.

आता खरी गंमत. तारसप्तकातला 'तार' कुठून आला? अमरकोश म्हणतो 'तारोऽत्युच्चैः', फार उंच तो तार. तोही याच धातूचा. माझं मत असं की उंची हा अर्थ मागाहून आला. आधी तो पलीकडे पोचणारा आवाज. अलीकडच्या काठावरून तारी हाक मारतो ती मंद्रात, खालच्या सप्तकात, नसते. सतारीतली तार फारसी, सेह-तार, सेह म्हणजे तीन, तिचा इथे संबंध नाही. दोन्ही तारा एकत्र वळून तारसप्तकाला 'ताणलेल्या तारेचा स्वर' ठरवणारे पंडित आहेत. त्यांनी एकदा फेरीधक्क्यावर उभं राहून यावं.

लिंगाचं राहिलं. पाण्यावरचा तरंग तो. वाद्य मात्र ते, 'जलतरंग वाजलं'. पेडण्याच्या पुनवेला देवाची तरंगं, म्हणजे सजवलेले खांब, निघतात, तीही नपुंसकलिंगी. गर्दीतून हेलकावत जातात म्हणून ते नाव, असं मला वाटतं. खांब म्हणून कुणी त्याचा अर्थ 'स्तंभ' देतं. स्तंभ कधी डुलतो का?

जाता जाता एक कान उपटायचा आहे. कामसूत्रातल्या चौसष्ट कलांत 'उदकवाद्य' आहे, तेच जलतरंग, असं जो तो ठोकून देतो, चांगले जाणकारसुद्धा. टीकाकार यशोधराने सरळ सांगितलंय : पाण्यावर मृदंगासारखं वाजवणं. तळहाताने! काड्या नाहीत, वाट्या नाहीत. आणि पुरावा हवा तर रघुवंशाचा सोळावा सर्ग उघडा. कुशाच्या राण्या शरयूत उतरल्यात, गाताहेत, पाण्यावर थाप मारताहेत. काठावरचे मोर पिसारे उभारून केका घालतात. कालिदासाचा शब्द आहे 'वारिमृदङ्गवाद्यम्'. मोराला मृदंग म्हणजे मेघगर्जना वाटते, हा कवींचा जुना संकेत. आता सांगा, चिनी मातीच्या वाटीची किणकिण ऐकून कुठला मोर पिसारा उभारील? प्रशांत महासागरातल्या वानुआतू बेटांवरच्या बायका आजही कमरेइतक्या पाण्यात उभ्या राहून असंच वाजवतात, ओंजळीने, तळव्याने, आणि आवाज घुमटासारखाच भरदार येतो. त्याला उदकवाद्य म्हणा, वारिमृदंग म्हणा. जलतरंग म्हणू नका.