जळगावात राहून फळांच्या ग्लेझचा रोस्ट पोर्क घरी करता येईल का? अननसाऐवजी आपली केळी चालतील का?

करता येईल. केळी चालणार नाहीत.

तुम्ही लिहिलंय की नाताळला सहा माणसं जेवायला आहेत, घरात २८ लिटरचा ओटीजी (ओट्यावरचा छोटा विजेचा ओव्हन) आहे आणि दारात केळीचा घड लटकलेला असताना अननस कशाला विकत आणायचा. अगदी हाच विचार करून मी पहिल्या वर्षी पिकली केळी कुस्करून, गूळ घालून मांसाला थापली होती. वीस मिनिटांत वरचा थर काळाठिक्कर आणि आत पिठूळ लगदा. केळ्यात साखर भरपूर, आंबटपणा जवळजवळ नाही, आणि आटवलं तरी त्याला चकाकी येत नाही. ग्लेझ म्हणजे शेवटी मांसावर बसणारा चकचकीत आंबटगोड पाक. तो ब्रशने पातळ लागला पाहिजे आणि चिकटून राहिला पाहिजे. मोसंबीचाही प्रयोग झालाय. रस आटवला की कडवट होतो, नाद सोडा.

पेरू घ्या. डिसेंबरात गाडीगाडीवर मिळतो, आणि त्यात पेक्टिन इतकं असतं की जेली आपोआप धरते. भुसावळला आमच्या रेल्वे कॉलनीत शेजारी मूळच्या गोव्याच्या एक आंटी होत्या. त्या दर थंडीत पेरूच्या वड्या करायच्या. त्याच पाकात मिरची घालून मांसाला लावायची अक्कल मला फार उशिरा सुचली.

अर्धा किलो पिकलेले, पण लिबलिबीत न झालेले पेरू सालीसकट चिरून, जेमतेम बुडतील एवढ्या पाण्यात वीस मिनिटं शिजवा. चाळणीवर घासून बिया काढून टाका. त्या गरात शंभर ग्रॅम गूळ, दोन लिंबांचा रस, चमचाभर लाल तिखट, थोडी मिरपूड आणि आल्याचा रस घालून मंद आचेवर ढवळत राहा. ताटलीत थेंब टाकून ताटली तिरकी करा. थेंब पाण्यासारखा पळाला तर अजून वेळ आहे, रेंगाळत रेंगाळत खाली आला की गॅस बंद. पाक फारच घट्ट झाला तर गरम पाण्याचा हबका मारा.

आता मांस. खांद्याचा तुकडा मागा, हाड काढलेला, दोन किलो. शिजून तो सव्वा-दीड किलोच्या आसपास उरतो, सहा जणांना पुरतो. मांडीचा घेतलात तर चरबी कमी, कोरडा पडतो. आणल्यावर उजेडात नीट बघा. आत तांदळाच्या दाण्याएवढे किंवा थोडे मोठे, पाणीदार पांढुरके फोड दिसले तर तो तुकडा सरळ परत करा, ती फीतकृमीची अवस्था असते. अमेरिकेच्या कृषी खात्याने २०११ पासून अख्ख्या तुकड्यासाठी मांसाच्या आत ६३ अंश सेल्सियस आणि वर तीन मिनिटं विसावा एवढं पुरेसं मानलंय. म्हणून तिकडच्या फोटोंत मांस गुलाबी दिसतं. आपल्याकडे डुक्कर कुठे वाढलं हे माहीत नसतं, तेव्हा गुलाबीच्या फंदात पडू नका. तसंही खांदा मऊ व्हायला आत ८५ ते ९० अंश लागतातच.

आदल्या रात्री ३० ग्रॅम मीठ, वाटलेला लसूण, मिरपूड आणि दोन चमचे व्हिनेगर चोळून फ्रिजमध्ये ठेवा. मांस मऊ पडावं म्हणून कच्ची पपई चोळायला सांगणारं कोणीतरी भेटेलच. शहाद्याच्या पपईवर माझा राग नाही, पण ती रात्रभर लावून ठेवली तर वरचं मांस पिठल्यासारखं होतं. मी खाल्लंय.

आणि हो, केळी नाही पण केळीचं पान हवंच! आपल्याकडे ते बागेतून नुसतं मागून मिळतं. मधला दांडा काढून पान गॅसच्या ज्योतीवरून सरकवा. हिरवा रंग गडद होत जातो, पान तेल लावल्यासारखं तुकतुकीत होतं आणि मग घडी घातली तरी फाटत नाही. न शेकता गुंडाळलंत तर शिरेवर चरचर उभं फाटेल आणि सगळा रस ट्रेमध्ये. मांस पानात गुंडाळा, वरून फॉइल, आणि १६० अंशांवर अडीच तास. मधे उघडून बघायची खाज आवरा.

अडीच तासांनी सुरी लोण्यात गेल्यासारखी गेली पाहिजे. थर्मामीटर असेल तर उत्तमच. मग पान सोडा, ट्रेमधला रस वाटीत काढून घ्या आणि आता, आता कुठे, ग्लेझ लावा. ओव्हन २०० वर. दहा मिनिटांनी दुसरा हात, परत दहा मिनिटांनी तिसरा. सुरुवातीपासून लावलंत तर गूळ करपून कडू होणार. शेवटची पाच मिनिटं ओव्हनसमोरून हलू नका, फोन आला तरी. बाहेर काढल्यावर वीस मिनिटं तसंच ठेवून मग कापा. आणि सालीसकट तुकडा मिळाला असेल तर साल आधीच सोलून, मीठ लावून वेगळी कुरकुरीत भाजा. ग्लेझखाली ती कुरकुरीत राहत नाही.

वीज गेली तर? आंटींकडे ओव्हन कधी नव्हताच. जाड बुडाचं पातेलं, खाली मंद निखारे, झाकणावर निखारे. गॅसवरही जमतं: झाकून मंद आचेवर तेवढाच वेळ, मधूनमधून कपभर पाणी, शेवटी झाकण काढून ग्लेझ घालून तुकडा फिरवत राहायचा. रंग थोडा कमी येतो, चवीला उणं काही नाही.

काळा मसाला ग्लेझमध्ये घालू नका, पेरूचा वास मरतो. त्याची जागा वाटीतल्या रसात आहे. वरची चरबी काढा, त्यातल्या चमचाभर चरबीवर कांदा लाल करा, चमचाभर काळा मसाला, मग रस आणि पाणी. बटाटे-बिटाटे उकडत बसण्यापेक्षा सोबत कळण्याची (ज्वारी-उडदाच्या पिठाची) भाकरी करा. तो दाट रस्सा भाकरीवर ओतला की पाहुणे आधी तेच मागतात. डिसेंबर म्हणजे भरिताच्या वांग्यांचाही हंगाम, तेव्हा भरीत ठेवाच. पोर्क न खाणारं कोणी आलं तर त्यालाही पोटभर जेवता येतं. कोण खातं, कोण नाही हे आधी फोन करून विचारून घ्या, ताटावर बसल्यावर नको.

एक राहिलं. ग्लेझ आधीच दोन वाट्यांत वेगळं करा. ब्रश बुडवलेल्या वाटीतलं उरलेलं टाकून द्या, दुसरं बाटलीत भरा. आमच्याकडे ते चार दिवसांत पोळीला लावून संपतं.