रात्रभर एसटी बनवणारा मुलगा

ताई, स.न.वि.वि.

तुमचा मुलगा अकरावी सायन्सला आहे, नाशिकमध्येच सीईटीचा क्लासही लावलाय. पण रात्री दीड-दोनपर्यंत तो ‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’ या मोबाइल गेमसाठी एसटीच्या गाड्या बनवत बसतो. ठक्कर बाजारला गाडीच्या मागच्या दिव्यांचे फोटो काढताना तो नातेवाइकांना दिसला आणि तुम्हाला कानकोंडं झालं. लॅपटॉप काढून घेऊ का, असं तुम्ही विचारलंय.

घेऊ नका. आधी त्याच्या शेजारी बसून तो नेमकं काय करतो ते बघा. तयार गाडीला एसटीचा रंग देणं म्हणजे स्किन. ते एक चित्र असतं, एका संध्याकाळीत होतं. गाडीच मुळापासून उभी करणं हे फार मोठं काम आहे. ब्लेंडर या मोफत सॉफ्टवेअरमध्ये सांगाडा रचायचा, मग शिंपी कापड बेततो तसा प्रत्येक पत्रा सपाट उलगडून त्यावर रंग आणि अक्षरं बसवायची. गाडीचं हे मॉडेल छोट्या छोट्या त्रिकोणांचं बनलेलं असतं. चाक गोल दिसावं म्हणून ते त्रिकोण वाढवले की स्वस्त मोबाइलवर गेम अडखळतो, कमी केले की चाक अष्टकोनी दिसतं. तुम्ही लिहिलंय की एका चाकावर त्यानं आठवडा घालवला. तो आठवडा वाया गेलेला नाही. गेम स्टुडिओत मॉडेल बनवणारे पगार घेऊन हेच करतात.

एक मात्र स्पष्ट विचारा: यातलं स्वतःचं किती? दुसऱ्याचं मॉडेल न विचारता उचलून आपलं नाव लावण्याची खोड या क्षेत्रात आहे आणि मला ती मनापासून खटकते. पोर्टफोलिओत, म्हणजे कामाच्या नमुन्यांच्या संचात, असं एक मॉडेल निघालं तर बाकी कामावरचाही विश्वास जातो. एसटीचं बोधचिन्ह असलेली गाडी विकायचीही नाही.

पुढचा रस्ता म्हणाल तर बी.डेस., म्हणजे डिझाइनची पदवी, बघा. त्यासाठी आयआयटी मुंबई ‘यूसीड’ ही परीक्षा घेते, एनआयडीची (राष्ट्रीय डिझाइन संस्था) ‘डॅट’ ही प्रवेश परीक्षा वेगळी. यूसीडला बारावीची कुठलीही शाखा चालते, पण हातानं रेखाटन करावं लागतं. स्क्रीनवर वाढलेली मुलं इथेच अडतात. म्हणून त्याला आजपासून कागद-पेन्सिल द्या. फोटोवरून नाही, समोर उभ्या गाडीवरून काढू दे. यंत्रात जास्त रस दिसला तर ऑटोमोबाइल इंजिनिअरिंग आहेच, आणि मग सीईटीचा क्लास सोडायचा नाही.

झोपेबाबत मात्र ऐकून घेऊ नका. क्लासच्या दिवशी अकराला लॅपटॉप बंद, शनिवारी हवा तेवढा वेळ. पुण्याला जाणं झालं तर एसटीच्या दापोडी कार्यशाळेत आधी अर्ज करून परवानगी मिळते का बघा. तिथे महामंडळानं स्वतः गाड्यांच्या बॉड्या बांधल्या आहेत. परवानगी मिळाली तर तुम्हीही त्याच्याबरोबर आत जा.