गोफण नवीन शिकताय? आधी एवढंच करा

दादा, सिन्नरच्या बाजाराहून आणलेली नायलॉनची गोफण सध्या बाजूला ठेवा. हातातून सटकते. सुती दोरीची किंवा अंबाडीच्या वाखाची स्वतः वळा, दुमडून दोन फुटांच्या आसपास. लांब गोफण जोरात फेकते खरी, पण ती नंतर.

एका टोकाला फास करून मधल्या बोटात अडकवा. दुसऱ्या टोकाला गाठ मारा आणि ती अंगठा व तर्जनीत धरा. सोडायची ती फक्त गाठ.

नवखे हमखास चुकतात ते इथे:

- डोक्यावर गरगर फिरवत बसतात. एकच फेरा पुरे. जास्त फेऱ्यांनी जोर वाढत नाही, नेम मात्र जातो.
- हाताला येईल तो दगड घेतात. गोदेच्या पात्रातले लिंबाएवढे, एकसारखे गोल गोटे निवडा. रोमन सैनिक तर शिशाचे गोळे साच्यात ओतून घ्यायचे, ते उगाच नाही.
- मागे कोणी उभं आहे का, बघत नाहीत.

ही शेवटची चूक मी केलीय. गाठ उशिरा सुटली, दगड मागे गेला आणि चुलतभावाच्या कानाजवळून सणाणत गेला. आजही आठवलं की अंगावर काटा येतो. म्हणून पहिला महिना टेनिसचा चेंडूच वापरा, बाजरी काढलेल्या मोकळ्या रानात. द्राक्षबागेजवळ नको, तिथे माणसं कामाला असतात.

चेंडू डावीकडे जातोय की उजवीकडे, तेवढं आठ दिवसांनी सांगा. मग गाठ कधी सोडायची ते बघू.