फोनवरचे कन्नड

प्रश्न : माझे माहेर ठाण्याचे, लग्नानंतर आम्ही ऐरोलीत राहतो. माझे यजमान धारवाडचे असून कामानिमित्त सध्या सहा महिने हुबळीला आहेत. रोज रात्री त्यांचा फोन येतो, पण पहिला प्रश्न ठरलेला : ‘ऊट आतेनु?’ एकदा मी मोबाइलवर शोधून ‘नानु निम्मन्नु प्रीतिसुत्तेने’ असे म्हटले, तर ते हसू लागले. मला फार वाईट वाटले. कन्नडमध्ये प्रेमाने बोलायचे तरी कसे?
– एक वाचक, ऐरोली

उत्तर : तुमचे वाक्य व्याकरणाने अचूक आहे, मात्र ते पुस्तकी कन्नड आहे. मराठी घरात एखाद्या पत्नीने रात्री फोनवर ‘मी आपणावर प्रीती करते’ असे म्हटले, तर ऐकणाऱ्याला जे वाटेल तेच त्यांना वाटले असावे. त्या हसण्यात टवाळी शोधू नका.

‘ऊट आतेनु?’ म्हणजे ‘जेवण झाले का?’. बंगळूरकडे हेच ‘ऊट आय्ता?’ असे ऐकू येते. दूर असलेल्या माणसाचे ताट दिसत नाही, म्हणून ते विचारावे लागते, आणि रोज न चुकता विचारणाऱ्याच्या मनात तुमची काळजी आहे, हे मला तरी अगदी स्पष्ट दिसते.

तुमच्यासाठी सर्वांत मोलाचा शब्द ‘री’ हा आहे. पत्नी पतीला ‘री’ म्हणून हाक मारते, ते आपले ‘अहो’च होय, धारवाडकडे तर तो आदराचा प्रत्यय म्हणून वाक्याच्या शेवटीही लागतो. त्यामुळे ‘निम्म नेनपात्री’ एवढे म्हटले, तरी ‘अहो, तुमची आठवण झाली’ हा सारा भाव त्यात येतो. ‘चिन्ना’ आणि ‘बंगार’ या दोन्ही लाडाच्या शब्दांचा अर्थ सोने, म्हणजे आपल्या ‘सोन्या’चेच हे सख्खे भाऊ. मैसूर-बंगळूरकडील तरुण जोडप्यांच्या बोलण्यात ‘कणो’ आणि ‘कणे’ येतात, ते साधारण आपल्या ‘रे’ आणि ‘गं’सारखे; तुमच्या यजमानांच्या कानाला मात्र ‘री’च अधिक घरचा वाटेल.

आणखी एक बारकावा सांगतो. मराठीत ‘आपण’ आणि ‘आम्ही’ वेगळे आहेत, परंतु आजच्या कन्नडमध्ये दोन्हींसाठी ‘नावु’ हा एकच शब्द आहे. म्हणून मराठी बोलताना त्यांनी ‘आपण जाऊ’ऐवजी ‘आम्ही जाऊ’ म्हटले, तर तुम्हाला वगळले असे समजू नका.

आज रात्री त्यांच्याआधी तुम्हीच ‘ऊट आतेन्री?’ असे विचारा आणि ताटात काय होते तेही विचारा. ‘जोळद रोट्टी’ आणि ‘एण्णगायी’ असे उत्तर आले, तर ती आपलीच ज्वारीची भाकरी आणि भरली वांगी.