‘अंडरवर्ल्ड’चा दाखला पुरता पाहावा

माननीय महोदय,

सप्रेम नमस्कार.

आपले पत्र मिळाले. आपला मुलगा इलेक्ट्रॉनिक्स अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला आहे, दीड वर्षापासून दोन मित्रांबरोबर इलेक्ट्रॉनिक नृत्यसंगीताचा बँड चालवतो, आता शिक्षण सोडून पूर्णवेळ तेच करायचे म्हणतो आणि उपकरणांसाठी आपली ठेव मोडून चार लाख रुपये मागतो, असे आपण कळवले आहे. आपण नकार दिला की तो ‘अंडरवर्ल्ड’ या ब्रिटिश बँडचे उदाहरण देतो. ते नाव ऐकून घरातली मंडळी आधी घाबरली, हे वाचून मला आपली काळजी समजली. हे नाव गुन्हेगारी जगावरून आलेले नाही. या कलाकारांनी 1985 मध्ये एका चित्रपटाला संगीत दिले होते, त्याच्या नावावरून ते घेतलेले आहे.

आपल्या मुलाने निवडलेले उदाहरण मला फार चांगले वाटते. मात्र तो ते मधूनच, म्हणजे 1996 पासून सांगतो. त्या वर्षी डॅनी बॉईल यांच्या ‘ट्रेनस्पॉटिंग’ चित्रपटात या बँडची ‘बॉर्न स्लिपी’ ही रचना वाजली आणि ब्रिटनच्या विक्रीक्रमात ती दुसऱ्या स्थानावर पोहोचली. हीच रचना आदल्या वर्षी एका सिंगलच्या, म्हणजे सुट्या गाण्याच्या तबकडीच्या, दुसऱ्या बाजूवर निघाली होती आणि तेव्हा तिची फारशी दखल घेतली गेली नव्हती. त्याहून महत्त्वाचे असे की या बँडचे मूळ कलाकार कार्ल हाइड आणि रिक स्मिथ हे दोघे वेल्समधील कार्डिफ येथे एकत्र आले, त्याला 1996 मध्ये पंधराहून अधिक वर्षे झाली होती. त्यांच्या ‘फ्रर’ या पहिल्या बँडचे 1983 मधले एक गाणे थोडे गाजले आणि पुढे तो बँड संपला. नंतर ‘अंडरवर्ल्ड’ नावाने 1988 आणि 1989 मध्ये दोन अल्बम आले, ‘युरिथमिक्स’सारख्या नामवंत जोडीच्या अमेरिका दौऱ्यात आरंभीचे कार्यक्रम करण्याची संधीही मिळाली, पण अल्बम चालले नाहीत आणि तो संचही विखुरला. वयाच्या तिशीत, हातातले सगळे फसलेले असताना, हाइड दुसऱ्यांच्या दौऱ्यांत आणि ध्वनिमुद्रणांत गिटार वाजवून चरितार्थ चालवत होते.

यानंतर त्यांनी जे केले ते आपल्या मुलाने नीट पाहावे, असे मला मनापासून वाटते. स्मिथ यांनी घरच्या स्टुडिओत डॅरन इमर्सन या जेमतेम विशीतल्या डीजेबरोबर काम सुरू केले. आपल्याहून बारा-चौदा वर्षांनी लहान असलेल्या मुलाकडून क्लबमधले श्रोते कशावर नाचतात हे शिकून घेण्यात या दोघांना कमीपणा वाटला नाही. टेक्नो आणि हाऊस या क्लबमधल्या नृत्यसंगीताच्या शैलींचा ठेका, डब या जमैकन शैलीतला घुमणारा बास (खालचे स्वर), ब्लूजकडे झुकणारी गिटार आणि हाइड यांनी रस्त्यात, रेल्वेत कानावर पडलेली वाक्ये वहीत टिपून त्यांतून रचलेले शब्द, असे त्यांचे मिश्रण त्यातून घडले. 1994 च्या अल्बमने त्यांना प्रतिष्ठा मिळवून दिली. या मिश्रणातला प्रत्येक घटक कोणीतरी अनेक वर्षे स्वतंत्रपणे घोटलेला होता. आज लॅपटॉपवर चार शैलींचे तयार तुकडे एका दुपारीत जोडता येतात, म्हणूनच हा फरक मुलांच्या लक्षात येत नाही.

दुसरी गोष्ट उत्पन्नाची. हाइड आणि स्मिथ 1991 मध्ये लंडनमध्ये स्थापन झालेल्या ‘टोमॅटो’ या डिझाइन समूहाचे संस्थापक सदस्य होते. जाहिराती, छपाई, दृश्यरचना हे त्या समूहाचे काम होते आणि बँडच्या अल्बमची आवरणे व रंगमंचावरील दृश्येही तेथूनच येत. पुढे त्यांनी चित्रपट आणि नाटकांसाठी संगीत केले. 2012 च्या लंडन ऑलिंपिकच्या उद्घाटन सोहळ्याचे संगीत दिग्दर्शनही त्यांच्याकडे होते. इमर्सन 2000 मध्ये बाहेर पडले तरी बँड थांबला नाही. 2018 च्या नोव्हेंबरपासून त्यांनी वर्षभर, दर आठवड्याला काही ना काही नवे प्रसिद्ध केले, तेव्हा दोघेही साठीच्या आसपास होते. केवळ कार्यक्रमांच्या मानधनावर एवढी दीर्घ वाटचाल झाली असती, असे मला वाटत नाही.

आता शिक्षण सोडू द्यावे का, या आपल्या पहिल्या प्रश्नाकडे येतो. शिक्षण सोडू नये, असे माझे स्पष्ट मत आहे आणि ‘संगीत चालले नाही तर नोकरी तरी मिळेल’ एवढेच त्याचे कारण नाही. सिंथेसायझरमध्ये, म्हणजे विजेवर आवाज घडवणाऱ्या वाद्यात, ऑसिलेटर स्वर निर्माण करतो, फिल्टर त्यातल्या ठरावीक कंपनसंख्या गाळतो आणि एन्व्हलप स्वर किती वेगाने उमटून विरावा हे ठरवतो. आपला मुलगा रात्री ज्या फिल्टरची कळ फिरवून श्रोत्यांना थरारून सोडतो, त्याचेच गणित त्याला सकाळी सिग्नल्सच्या तासाला शिकवले जाते. ते कळल्यावर दुसऱ्याने बनवलेल्या आवाजांवर अवलंबून न राहता तो स्वतःचा आवाज घडवू शकेल, आणि माझ्या मते बँडची ओळख तेथेच ठरते. शिवाय ध्वनिमुद्रण, मिक्सिंग (मुद्रित आवाजांचा समतोल साधणे), चित्रपटांचे ध्वनिसंयोजन ही कामे त्याला बँडच्या जोडीने करता येतील. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ध्वनीचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे आणि त्यासाठी पदवी लागते.

संधी नाहीत, असे मी म्हणणार नाही. गोव्यात 2007 मध्ये ‘सनबर्न’ आणि पुण्यात 2010 मध्ये ‘एनएच7 वीकेंडर’ हे संगीत महोत्सव सुरू झाल्यापासून या संगीताला आपल्याकडे तिकीट काढून येणारा श्रोता मिळाला आहे. परंतु महोत्सव वर्षातून मोजके दिवस असतात, उघड्यावरचे ध्वनिक्षेपक रात्री दहानंतर सहसा चालवता येत नाहीत, आणि जो कार्यक्रम होतो त्याच्या मानधनात मोठा वाटा मुख्य कलाकाराचा असतो.

तिघांनी एक काम मात्र याच महिन्यात करावे. प्रत्येक रचनेत कोणाचा किती वाटा, आणि कोणी सोडून गेल्यास बँडचे नाव कोणाकडे राहील, हे कागदावर लिहून सह्या कराव्यात. 2012 च्या दुरुस्तीनंतर आपल्या कॉपीराइट कायद्याने गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीतला (रचनेच्या वापराबद्दल मिळणाऱ्या मोबदल्यातला) वाटा सुरक्षित केला आहे. रचना प्रसिद्ध होऊ लागताच ही रॉयल्टी गोळा करून वाटणाऱ्या मुंबईच्या आयपीआरएस (इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी) या संस्थेचे सदस्यत्व घ्यावे. मैत्री घट्ट असतानाच हे बोलणे सोपे जाते.

व्यसनांबद्दलची आपली भीती अनाठायी नाही. ‘बॉर्न स्लिपी’मधले मद्याचे नाव घेणारे शब्द हजारो लोक आनंदाने ओरडतात, पण ती मदतीसाठी मारलेली हाक होती, असे हाइड यांनी नंतर सांगितले आहे, पुढे त्यांनी दारू सोडली. हे आपण मुलाशी रागावून न बोलता, त्याच्याच आवडत्या कलाकाराच्या आयुष्यातली घटना म्हणून बोलावे. तो ऐकेल.

राहिला पैशांचा प्रश्न. ठेव मोडू नये. रचना करण्यासाठी त्याच्याकडे लॅपटॉप आहे. एक ऑडिओ इंटरफेस (माइक व वाद्ये लॅपटॉपला जोडणारे उपकरण), चांगले हेडफोन आणि आवाज जसाच्या तसा ऐकवणाऱ्या मॉनिटर स्पीकरची एक जोडी साधारण साठ हजारांत येईल, तेवढी रक्कम आपण आनंदाने द्यावी. रंगमंचावरची ध्वनियंत्रणा आयोजक भाड्याने आणतात, ती विकत घेण्याचे कारण नाही. पुढच्या उपकरणांचा खर्च बँडच्या मानधनातून व्हावा आणि त्याचा हिशेब तिघांनी वहीत ठेवावा. येत्या सुट्टीत त्याला माझ्याकडे पाठवा, मात्र येताना त्याने पूर्ण केलेल्या तीन रचना आणि ती वही घेऊन यावे.

आपला,
करिअर मार्गदर्शक